ठेव अडवली? आधी कारण लेखी मागा

मुदत संपलेली ठेव परत मागायला गेलेल्या माणसाला पतसंस्थेच्या काउंटरवर सहसा नकार मिळत नाही, तारीख मिळते. ‘मार्चनंतर या’, ‘वसुली आली की तुमचं पहिलं’, ‘चेअरमनसाहेब बाहेरगावी आहेत’, ‘मीटिंगमध्ये विषय घेतलाय’. वर्ष निघून जातं, चपला झिजतात आणि हातात एकही कागद नसतो. पुढे न्यायालयात गेल्यावर हीच उणीव सगळ्यात महाग पडते. तिथे पहिल्यांदा विचारलं जातं की मागणी कधी केली आणि संस्थेने ती कोणत्या कारणाने नाकारली. तोंडी हेलपाट्यांचा पुरावा कुणाकडेच नसतो.

म्हणून या लेखात माझा आग्रह एकाच गोष्टीचा आहे. पैसे मागताना, ते का देत नाही याचं कारणही मागा, आणि ते लेखी मागा. संस्था काय कारण सांगते त्यावर तुमचं न्यायालय कोणतं, मुदत किती आणि पुरावा कोणता हे ठरतं. कारण न कळताच वकिलाकडे धावणारे लोक बऱ्याचदा चुकीच्या दारात दोन-तीन वर्षं घालवतात.

पत्र साधं असावं. खाते क्रमांक, ठेव पावतीचा क्रमांक, रक्कम, मुदत संपल्याची तारीख आणि त्या दिवशी देय असलेली व्याजासह रक्कम लिहा. मग एक वाक्य: ‘ही रक्कम पंधरा दिवसांत द्यावी; देता येत नसल्यास कोणत्या उपविधीनुसार किंवा संचालक मंडळाच्या कोणत्या ठरावानुसार ती रोखली आहे ते लेखी कळवावे व ठरावाची प्रत द्यावी.’ पत्र आवक-जावक विभागात देऊन पोच घ्या. पोच द्यायला टाळाटाळ झाली तर तेच पत्र स्पीड पोस्टाने पाठवा आणि एक प्रत सहायक निबंधक किंवा उपनिबंधक, सहकारी संस्था यांच्या कार्यालयात द्या. संस्थेने उत्तर दिलंच नाही, तरी ते मौन तुमच्या बाजूचा पुरावा ठरतं.

मूळ ठेव पावती कुणाच्याही हाती देऊ नका. ‘पावती जमा करा, चेक तयार ठेवतो’ असं सांगून ती घेतली जाते आणि नंतर दोन्ही गायब होतात. द्यायचीच वेळ आली तर दोन्ही बाजूंची छायाप्रत काढून त्यावर ‘मूळ पावती मिळाली’ असं लिहून सही-शिक्का घ्या. नूतनीकरणाच्या कोऱ्या अर्जावरही सही नको. त्या एका सहीने मुदत संपलेली ठेव पुन्हा दोन वर्षांसाठी अडकते आणि मागणीचा पायाच निघून जातो. संस्थेने थोडी रक्कम देऊ केली तर जरूर घ्या, पण पावतीवर ‘उर्वरित रकमेचा हक्क राखून’ असं स्वतःच्या हाताने लिहा.

जामीनदाराची ठेव

पगारदार नोकरांच्या पतसंस्थांमध्ये सगळ्यात जास्त भांडणं जामीनकीवरून होतात, म्हणून इथे थोडं थांबू. समजा, जिल्हा परिषदेच्या शाळेतला एक शिक्षक निवृत्त झाला. तीस वर्षं दर महिन्याला पगारातून वर्गणी कापली गेली, शेअर्स आहेत, मुदत ठेव आहे, स्वतःचं कर्ज फिटलं आहे. पण चार वर्षांपूर्वी तो एका सहकाऱ्याला जामीन राहिला होता. संस्था म्हणते, ते कर्ज फिटेपर्यंत तुमचा हिशोब होणार नाही.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ४६ ने संस्थेला एक खरा अधिकार दिला आहे. सभासदाचे शेअर्स, ठेवी, लाभांश यांवर संस्थेचा बोजा असतो आणि सभासदाकडून येणं असेल तर संस्था ती रक्कम त्यातून वळती करून घेऊ शकते. भारतीय करार अधिनियमाचं कलम १२८ सांगतं की जामीनदाराची जबाबदारी मूळ कर्जदाराइतकीच असते. संस्थेचे वकील ही दोन कलमं पुढे ठेवतात आणि ऐकणाऱ्याला वाटतं, संपलं.

संपलेलं नसतं. कलम ४६ मधला अधिकार सभासदाकडून येणं असलेल्या कर्जासाठी आहे. त्यामुळे न्यायालयाला पुढचे प्रश्न विचारता येतात आणि तुमच्या वकिलाने ते उपस्थित केलेच पाहिजेत. मूळ कर्जदाराचे हप्ते नियमित चालू आहेत का? असतील, तर आज जामीनदाराकडे थकबाकी कसली? थकले असतील, तर नेमके किती, आणि जामीनदाराला मागणीची नोटीस दिली होती का? कर्ज एक लाख थकलं असताना जामीनदाराची सहा लाखांची ठेव का रोखली? बाकीच्या जामीनदारांकडे काय मागितलं? रक्कम वळती केली असेल, तर कोणत्या तारखेच्या ठरावाने, आणि कर्जखात्याच्या उताऱ्यात ती त्याच तारखेला जमा दिसते का? बोजा असणं, वळती करून घेणं आणि नुसतं अडवून ठेवणं या वेगवेगळ्या गोष्टी आहेत. रक्कम वळती केली तर निदान कर्ज कमी होतं आणि त्यावरचं व्याज थांबतं. अडवून ठेवली तर ठेवीवर व्याज मिळत नाही आणि कर्जावरचं व्याज चढत राहतं. जामीनदाराचं हे दुहेरी नुकसान न्यायालयासमोर आकड्यांत मांडलं पाहिजे.

मात्र तुमच्या संस्थेच्या उपविधीत किंवा तुम्ही सही केलेल्या जामीनखतात ‘जामीनकी चालू असेपर्यंत ठेव परत मिळणार नाही’ अशी अट असेल, तर बाजू कमकुवत होते हे आधीच ओळखा. अशा वेळी लढण्यापेक्षा पर्यायी जामीनदार देण्याचा लेखी प्रस्ताव करणं शहाणपणाचं. तो प्रस्ताव संस्थेने कारण न देता फेटाळला, तर तो नकार पुढे दाव्यात उपयोगी पडतो. आणि तुमच्या ठेवीतून दुसऱ्याचं कर्ज फिटलंच, तर ती रक्कम मूळ कर्जदाराकडून वसूल करण्याचा हक्क करार अधिनियमाच्या कलम १४० आणि १४५ ने तुम्हाला दिलेला आहे. हा हक्क फार कमी जामीनदार बजावतात. ओळखीच्या माणसावर दावा कसा करायचा, या संकोचापायी निवृत्तीची पुंजी गेलेली कुटुंबं गावोगावी आहेत.

निवृत्तांसाठी आणखी एक गोष्ट. मालकाकडून मिळणारी ग्रॅच्युइटी आणि निवृत्तिवेतन हातात पडण्याआधी जप्तीपासून संरक्षित आहेत. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ६० तसं सांगतं. पतसंस्थेने कार्यालयाला पत्र पाठवलं म्हणून पेन्शनचा प्रस्ताव अडकत असेल, तर कार्यालयाकडेही त्याचा कायदेशीर आधार लेखी मागा.

शेअर्स, लाभ आणि वारस

शेअर्सची रक्कम आणि ठेव यांना एकच नियम लागत नाही. राजीनामा दिलेल्या सभासदाचे शेअर्स परत करताना एका आर्थिक वर्षात एकूण परतावा आदल्या वर्षअखेरच्या वसूल भागभांडवलाच्या १० टक्क्यांपुढे जाता कामा नये, अशी मर्यादा सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम २९ मध्ये आहे. त्यामुळे शेअर्ससाठी थांबावं लागणं कायदेशीर असू शकतं. पण हेच कारण सांगून ठेव अडवली जात असेल तर ते चूक आहे. मागणीपत्रात दोन्ही रकमा वेगवेगळ्या लिहा, म्हणजे एकीच्या आड दुसरी लपवता येणार नाही.

सभासद कल्याण निधी, मृत्यू साहाय्य निधी, निवृत्तीच्या वेळची भेट रक्कम हे लाभ उपविधीतून किंवा सर्वसाधारण सभेच्या ठरावातून येतात. ते नाकारले गेले तर न्यायालय मूळ योजना वाचतं: पात्रतेच्या अटी काय, त्या तुम्ही पूर्ण केल्या का, आणि निर्णय संचालक मंडळाच्या मर्जीवर ठेवला आहे का. मर्जीवर ठेवला असला तरी त्याच वर्षी त्याच परिस्थितीतल्या दुसऱ्या सभासदाला लाभ मिळाला असेल, तर तुम्हाला वगळण्याचं कारण संस्थेला सांगावं लागेल. वार्षिक अहवाल जपून ठेवण्याचा फायदा इथे होतो. त्यात कोणत्या निधीतून किती वाटप झालं ते छापलेलं असतं.

सभासद मरण पावला असेल तर कलम ३० पाहा. नामनिर्देशन असेल तर शेअर्सबरोबर संस्थेकडून येणं असलेली इतर रक्कमही नामनिर्देशित व्यक्तीला द्यायची असते. वारसांतला वाटा हा घरातला प्रश्न आहे. नामनिर्देशन स्पष्ट असताना त्या वादाची सबब सांगून विधवेला वर्षानुवर्षं फिरवणं अन्यायाचं आहे, आणि असं प्रकरण लढायला मी नेहमी सांगतो.

संस्थेचा कर्मचारी असाल, सभासद-ठेवीदार म्हणून नव्हे तर नोकर म्हणून तुमचं येणं अडकलं असेल, तर हा सगळा रस्ता तुमचा नाही. नोकरीच्या अटींचा वाद म्हणजे संस्थेच्या ‘व्यवसाया’संबंधीचा वाद नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने १९६९ मध्ये आंध्र प्रदेशातल्या सहकारी मध्यवर्ती बँकांच्या प्रकरणात सांगितलं आहे. ग्रॅच्युइटी देय झाल्यापासून ३० दिवसांत द्यावी लागते. ती अडली तर नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे जा, भविष्य निर्वाह निधीसाठी त्या कार्यालयाकडे आणि बाकी लाभांसाठी कामगार किंवा औद्योगिक न्यायालयाकडे.

सहकार न्यायालय की ग्राहक आयोग

राज्याच्या कायद्याखाली नोंदलेल्या संस्थेशी सभासदाचा वाद असेल तर कलम ९१ खाली सहकार न्यायालयात दावा करता येतो. संस्थेचं व्यवस्थापन आणि व्यवसाय यांच्याशी निगडित वाद तिथेच चालतात. दिवाणी न्यायालयाला कलम १६३ ने अशा वादांत मनाई आहे. संस्थेच्या कृतीने किंवा कसुरीने वाद उद्भवला असेल तर मुदत ६ वर्षांची. पुरेसं कारण पटलं तर न्यायालय उशीर माफ करू शकतं, पण त्या भरवशावर राहू नये. दाव्याच्या काळात संस्था मालमत्ता विकून मोकळी होईल अशी भीती असेल तर कलम ९५ खाली अंतरिम आदेश आणि निकालापूर्वीची जप्ती मागता येते. हा अर्ज दाव्याबरोबरच द्या आणि भीतीला आधार द्या: विक्रीची जाहिरात, लेखापरीक्षकाचे शेरे, इतर ठेवीदारांच्या तक्रारी.

दुसरा मार्ग जिल्हा ग्राहक तक्रार निवारण आयोगाचा. सहकार कायद्यात वाद सोडवण्याची सोय आहे म्हणून ग्राहक मंचाचं दार बंद होत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००३ मध्ये तमिळनाडूतल्या थिरुमुरुगन सहकारी कृषी पतसंस्थेच्या प्रकरणात ठरवलं. आताच्या २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याचं कलम १०० तेच सांगतं. दिलेला मोबदला ५० लाखांपर्यंत असेल तर जिल्हा आयोग, ५ लाखांपर्यंत शुल्क नाही, आणि तुम्ही जिथे राहता तिथल्या आयोगात तक्रार करता येते. मुलाकडे पुण्यात राहायला गेलेल्या आजोबांना लातूरच्या संस्थेविरुद्ध पुण्यात तक्रार करता येते, ही सोय मोठी आहे. मात्र मुदत फक्त २ वर्षांची.

निवड कशी करायची? माझं मत असं: पावती स्पष्ट आहे, मुदत संपली आहे, रकमेबद्दल वाद नाही आणि संस्था नुसतीच देत नाही, तर ग्राहक आयोग. जामीनकी, वळती केलेली रक्कम, उपविधीचा अर्थ, ठरावाची वैधता असा गुंता असेल तर सहकार न्यायालय. कारण आयोगाची पद्धत संक्षिप्त आहे आणि साक्षी-उलटतपासणी लागणारं प्रकरण आयोग दुसरीकडे जायला सांगू शकतो. सभासद नसलेल्या ठेवीदारालाही आयोगच सोपा. एकाच मागणीसाठी दोन्हीकडे एकाच वेळी जाऊ नका. संस्थेला आयती हरकत मिळते.

थेट उच्च न्यायालयात रिट करावी, असं अनेकांना वाटतं. सहकारी संस्था म्हणजे शासन नव्हे, त्यामुळे ठेवीच्या मागणीसाठी संस्थेविरुद्धची रिट सहसा टिकत नाही. निबंधकाने कायद्याने सोपवलेलं कामच केलं नाही, तुमच्या तक्रारीवर निर्णयच दिला नाही, तर त्याला तो घ्यायला लावण्यासाठी मात्र उच्च न्यायालयात जाता येतं. सहकार न्यायालयाच्या निकालावर २ महिन्यांत सहकार अपील न्यायालय, आणि त्यानंतर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालय, अशी चढती वाट आहे. अनुच्छेद २२७ खाली पुरावा नव्याने तपासला जात नाही. म्हणून पहिल्या न्यायालयात जो कागद दाखल झाला नाही तो वर जाऊन उगवेल, ही आशा सोडा आणि तयारी तळाशीच पक्की करा.

तयारी म्हणजे पासबुक आधी. संस्थेने सभासदाला पासबुक द्यायचं असतं आणि त्यातल्या नोंदींना कलम ३२अ ने पुराव्याचं मोल दिलं आहे. नोंदी अद्ययावत करून घ्या, प्रत्येक पानाचा फोटो काढा. व्यवस्थापकाने व्हॉट्सअॅपवर ‘पुढच्या महिन्यात देतो’ असं लिहिलं असेल तर तो संदेश पुसू नका. भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र जोडून तो दाखल करता येतो. संस्था लेखापरीक्षण अहवाल देत नसेल तर माहिती अधिकाराचा अर्ज निबंधक कार्यालयात करा. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये केरळच्या थलप्पलम सेवा सहकारी बँकेच्या प्रकरणात सांगितलं की सहकारी संस्था सरसकट सार्वजनिक प्राधिकरण ठरत नाहीत, पण निबंधक ठरतो, आणि कायद्याने त्याला संस्थेकडून जी माहिती मागवता येते ती नागरिकाला त्याच्यामार्फत मिळू शकते.

नावात ‘मल्टिस्टेट’ असेल तर

मग राज्याचा निबंधक आणि सहकार न्यायालय दोन्ही बाजूला पडतात. त्या संस्था केंद्राच्या २००२ च्या बहुराज्य सहकारी संस्था कायद्याखाली चालतात. वाद कलम ८४ खाली लवादाकडे जातो आणि लवाद केंद्रीय निबंधक नेमतात. ऑगस्ट २०२३ मध्ये लागू झालेल्या दुरुस्तीने कलम ८५अ खाली सहकारी लोकपालाची सोय झाली. ठेवी, संस्थेच्या कामकाजातून मिळणारे न्याय्य लाभ आणि सभासदाचे वैयक्तिक हक्क यांबद्दलच्या तक्रारींसाठीच हे पद आहे. लोकपालाने तक्रार मिळाल्यापासून ३ महिन्यांत चौकशी पूर्ण करायची असते आणि तो संस्थेला निर्देश देऊ शकतो. ठेवीदारांना या पदाची पुरेशी माहिती नाही. अशा संस्थेत पैसे अडकले असतील तर लवादाच्या खर्चात पडण्याआधी ही तक्रार करा.

संस्थाच बुडत असेल

संस्थेकडे पैसेच नसतील तर एकट्याचा दावा जिंकूनही फारसं हाती लागत नाही. इथे एक गैरसमज दूर करायलाच हवा. ठेव विमा महामंडळाचं ५ लाखांपर्यंतचं संरक्षण सहकारी बँकांतल्या ठेवींना आहे, पतसंस्थांतल्या ठेवींना नाही. पाटीवर ‘बँक’ हा शब्द आहे का आणि रिझर्व्ह बँकेचा परवाना आहे का, हे आजच पाहून घ्या.

अशा वेळी ठेवीदारांनी एकत्र यावं. गैरव्यवहार दिसत असेल तर निबंधकाकडे राज्याच्या सहकार कायद्याच्या कलम ८३ खाली चौकशीची आणि त्यापुढे कलम ८८ खाली संचालकांची जबाबदारी निश्चित करण्याची मागणी करा. संचालकांच्या खासगी मालमत्तेपर्यंत पोहोचायचं तर ती जबाबदारी आधी निश्चित व्हावी लागते. फसवणुकीचा संशय असेल तर ठेवीदारांच्या हितसंबंधांचं संरक्षण करणारा राज्याचा १९९९ चा कायदा, ज्याला सगळे एमपीआयडी म्हणतात, तो पतसंस्थांनाही लागतो. त्यात ६ वर्षांपर्यंत कैद आहे, आणि ठेवीदाराच्या दृष्टीने त्याहून महत्त्वाचं म्हणजे मालमत्ता जप्त करून विशेष न्यायालयामार्फत पैसे वाटण्याची तरतूद आहे. तक्रार पोलीस ठाण्यात किंवा आर्थिक गुन्हे शाखेत द्या आणि आपलं नाव ठेवीदारांच्या यादीत आल्याची खात्री करा. संस्था अवसायनात गेली असेल तर अवसायकाकडे मुदतीत दावा नोंदवा. अवसायनाचा आदेश झाल्यावर निबंधकाच्या परवानगीशिवाय सहकार कायद्याच्या कलम १०७ खाली नवा दावा करता येत नाही, जुना पुढे नेता येत नाही.

वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींतल्या व्यक्ती आणि अपंग यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. लोकअदालतीत तडजोड करायची झाली तर व्याजावर सूट द्यायला हरकत नाही, पण तारखांसह हप्ते, आणि एक हप्ता चुकला की सगळी रक्कम एकदम देय, ही अट लिहून घेतल्याशिवाय सही करू नका.

निकाल तुमच्या बाजूने लागला की काम अर्धंच झालेलं असतं. सभासदाकडून वसुलीसाठी संस्थेला कलम १०१ चा झटपट वसुली दाखला मिळतो. संस्थेकडून वसुलीसाठी सभासदाला अशी सोय नाही, आणि हा कायद्यातला असमतोल मला मुळीच मान्य नाही. तो दूर होईपर्यंत आहेत ती हत्यारं वापरा. सहकार न्यायालयाच्या निवाड्याची अंमलबजावणी कलम ९८ खाली दिवाणी हुकूमनाम्यासारखी किंवा जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी होते. ग्राहक आयोगाचा आदेश संस्थेने पाळला नाही तर कलम ७१ खाली वसुली आणि कलम ७२ खाली १ महिना ते ३ वर्षांपर्यंत कैद, किंवा किमान २५ हजारांचा दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. संस्था राज्य आयोगाकडे अपिलात गेली तर तिला आदेशातली निम्मी रक्कम आधी भरावी लागते, आणि अपिलाची मुदत ४५ दिवसांची आहे. म्हणून निकालाच्या दिवशीच प्रमाणित नकलेसाठी अर्ज करा, ती संस्थेला पोचवून सही घ्या, आणि मुदत संपूनही अपील किंवा स्थगिती नसेल तर दुसऱ्याच दिवशी अंमलबजावणीचा अर्ज दाखल करा.